फिनलंडची टीना, मुक्काम एकोडी

दिवाळी आटोपली की भंडारा जिल्ह्यात गावोगाव मंडई, म्हणजे जत्रा, भरते, आणि मंडई म्हटली की नाटक आलंच. साकोलीपासून एकोडीपर्यंत विजेच्या खांबांवर पोस्टरं लागतात. काही वर्षांपूर्वी त्या पोस्टरांवर नाटकाच्या नावापेक्षा मोठ्या अक्षरांत छापलेलं असायचं: ‘थेट फिनलंडमध्ये जन्मलेली नृत्यतारका, टीना.’

नाटकाच्या पोस्टरवर खरं काय ते शोधायला कोणी जात नाही. पण या ओळीत खोटा शब्द एकच होता, तो म्हणजे ‘थेट’. टीना फिनलंडातच जन्मली होती, फक्त थेट आली नव्हती. विमानानं मुंबईला, रेल्वेनं वरठीला आणि वरठीहून एका टेम्पोच्या मागच्या बाजूला, आईच्या मांडीवर बसून ती एकोडीला आली, तेव्हा तिला पुरतं वर्षही झालं नव्हतं.

तिचे बाबा वीरेंद्र वरठीच्या स्टील कारखान्यात ठेकेदाराकडे वेल्डर होते. हात असा साफ, की जोड कुठे आहे ते बोट फिरवूनही कळू नये. नागपूरच्या एका एजंटानं त्यांना हेरलं आणि फिनलंडात तुर्कू नावाच्या गावी, जहाजांच्या कारखान्यात दोन वर्षांसाठी धाडलं. तुर्कू म्हटल्यावर एकोडीच्या लोकांना वाटलं, तिकडं तुरीचं पीक होत असेल. लग्न नुकतंच झालेलं, म्हणून बायको चंद्रकलाही सोबत गेली. तोवर तिनं नागपूरसुद्धा एकदाच पाहिलं होतं, तेही दवाखान्यापुरतं.

चंद्रकलाबाई तिथल्या गोष्टी आजही सांगतात आणि ऐकणारे आजही विश्वास ठेवत नाहीत. उन्हाळ्यात तिथं दिवस मावळतच नाही, त्यामुळे रात्रीचा स्वयंपाक कधी मांडावा ते समजत नाही. लोक लाकडाच्या खोलीत उघडे बसतात आणि उकड्या तांदळासाठी धान उकडतात तसे स्वतःला उकडून घेतात. सगळ्यात भयंकर म्हणजे, तान्ह्या लेकराला दुलईत गुंडाळून बाहेर बर्फात झोपवतात. बाळंतपणानंतर घरी येणारी नर्स टीनालाही तसंच झोपवायला सांगायची. चंद्रकलाबाई मान हलवायच्या आणि नर्सची पाठ वळली की लेकराला पदराखाली घ्यायच्या.

“नर्स चांगली होती,” त्या म्हणतात, “पण लेकरू का मटार होये, बर्फात ठेवाले?”

त्या नर्सचं नाव टीना. मुलीला तेच नाव ठेवलं, कारण ते तिकडचंही वाटत होतं आणि इकडचंही. एकोडीला आल्यावर मात्र ते निव्वळ पत्र्याचं वाटलं. शाळेत पोरं तिला ‘टिनाचा डब्बा’ म्हणत. नाव दाखल करताना जन्मगावाच्या रकान्याशी हेडमास्तर थबकले होते. तालुका लिहिल्याशिवाय रकाना पुरा होईना, म्हणून त्यांनी ‘फिनलंड, ता. साकोली’ असं लिहून मोकळं केलं.

टीना तिसरीत असताना पंधरा ऑगस्टला गुरुजींनी तिला झेंड्याखाली उभं केलं आणि म्हणाले, “आता फिनलंडच्या भाषेत दोन शब्द बोल.” टीनाला त्या भाषेतले आईकडून आलेले तीनच शब्द ठाऊक होते. ‘हुवा पायवा’ म्हणजे नमस्कार. ‘कीतोस’ म्हणजे आभार. आणि तिसरा ‘नो नीन’, ज्याचा अर्थ चंद्रकलाबाईंनाही धड सांगता येत नसे. नर्स दारात आली की नो नीन म्हणायची, लेकराचं वजन पाहून नो नीन, निघताना नो नीन, आणि एकदा पाय घसरून बर्फात आपटली तेव्हाही उठून नो नीनच म्हणाली होती.

एवढ्यावर भाषण होणार कसं? टीनानं छाती पुढे काढली, ‘हुवा पायवा’ म्हणाली, आणि मग नाकातून आवाज काढत गावात पिकणाऱ्या धानांची नावं सुरू केली. लुचई, दुबराज, हिरानखी, मध्ये नो नीन, पुन्हा लुचई. शेवटी हात जोडून कीतोस. सरपंचांनी टाळ्या वाजवल्या, मागोमाग सगळ्या गावानं. फक्त शेजारची आनंदाबाई मोठ्यानं म्हणाली, “काय जी गुरुजी, हे पोट्टी माह्या बांधीतले धान मोजून राहिली का?” पण टाळ्यांमध्ये ते कोणाला ऐकू गेलं नाही. टीनाला त्या टाळ्या घरी जाईपर्यंत कानात ऐकू येत होत्या. त्यानंतर गणपती असो, शारदा असो, गॅदरिंग असो, स्टेज दिसलं की ती चढलीच.

साकोलीच्या कॉलेजात शिकत असताना गॅदरिंगला तिचा नाच वडशाच्या एका नाटक कंपनीच्या मालकांनी पाहिला. त्यांना सगळे भैय्याजी म्हणत. नाच त्यांना बरा वाटला, पण जन्म फिनलंडचा आहे हे कळल्यावर ते खुर्चीतून उठून उभे राहिले आणि दुसऱ्याच दिवशी एकोडीला आले.

“नाटकात गेली तं हिच्याशी लगन कोन करन?” चंद्रकलाबाईंनी त्यांच्या तोंडावर विचारलं.

वीरेंद्रचं तोवर साकोलीत वेल्डिंगचं दुकान झालं होतं. ते चंद्रकलाबाईंकडे वळले. मग म्हणाले, “मी जहाजं जोडलो, आन आता लोकाईच्या संडासाचे दरवाजे जोडून राहिलो. मले कोनी इचारलं का, काहून म्हणून? तिले जाऊ दे.”

शेवटी असं ठरलं, की टीना जाईल, पण सोबत आई जाईल. अशा रीतीनं भैय्याजींच्या कंपनीत एकाऐवजी दोन फिनलंडवाल्या दाखल झाल्या.

पहिली अडचण रंगाची निघाली. फिनलंडची म्हणून आणलेली मुलगी एकोडीच्या कुठल्याही मुलीइतकीच सावळी होती. पावडर दुसऱ्या अंकापर्यंत टिकत नसे. एका गावी प्रेक्षकांतून कोणीतरी विचारलंच, की फिनलंडवाली अशी कशी? भैय्याजींनी माइक घेतला. “मायबाप हो, तिकडं उन्हाळ्यात दिवस मावळतच नाही. चोवीस तास ऊन. लेकरू काळवंडन नाही तं काय होईन?” लोकांना ते पटलं. टीनाच्या आईलाही क्षणभर पटलं.

दुसरी अडचण नाचाची. भैय्याजींना ‘फिनलंडी डान्स’ हवा होता आणि तो कसा असतो हे वडसा ते तुमसर कोणालाच माहीत नव्हतं. टीनानं स्वतःच बसवला. वाकून मागे मागे सरकायचं, रोवणीत बाया चिखलात धानाची रोपं खोचत सरकतात तसं, आणि मध्येच थंडीनं कुडकुडायचं. अंगात मऊ पांढऱ्या ब्लँकेटचा शिवलेला झगा. पुढे बसलेल्या बाया एकमेकींना कोपर मारून म्हणत, “अवं, हे तं रोवणा करून राहिली.” मागून शिट्ट्या वाजत. फेब्रुवारीनंतर त्या झग्यात टीना अक्षरशः उकडून निघायची. फिनलंडच्या त्या लाकडी खोलीत काय होत असेल ते तिला तेव्हा कळलं.

नाव झालं, पण टीनाचं मन भरेना. नाटक कुठलंही असो, तिचं काम तेच. दुसऱ्या अंकात विदेशातून यायचं, नायकाला भुलवायचं, नाचायचं, आणि तिसऱ्या अंकाआधी विमानात बसून निघून जायचं. नाच संपला की ती विंगेत उभी राहून राखीताईंचं काम पाहत बसे. राखीताई कंपनीतल्या जुन्या नटी, खाष्ट सासू करायच्या. त्या नुसत्या चुलीकडे चालत गेल्या तरी पुढची पोरं आयांच्या मागे लपत. एकदा प्रेक्षकांतून चप्पल आली. राखीताईंनी ती आत आणली, पुसली आणि पेटीत ठेवली. “बक्षीस होये हे,” त्या म्हणाल्या. तेव्हापासून टीनाला वाटू लागलं, आपल्यालाही कोणीतरी एक चप्पल फेकून मारावी.

त्या हिवाळ्यात चिखल्याचा प्रयोग ठरला. तिथल्या मँगनीजच्या खाणीत जमिनीखाली चालवायचं नवं यंत्र फिनलंडहून आलं होतं, आणि ते जोडून द्यायला पेक्का नावाचा एक म्हातारा फिटर सोबत आला होता. खाणीतले लोक त्याला पक्कासाहेब म्हणत. खाणीच्या कॉलनीतल्या मंडळानं नाटक बुक केलं आणि पक्कासाहेबांना प्रमुख पाहुणे केलं. भैय्याजींनी तुमसर रोडवर फलक लावला: ‘फिनलंडची कन्या आणि फिनलंडचा पाहुणा, एकाच मंचावर, मायबोलीत.’

टीनानं फलक पाहिला आणि ती आईकडे धावली.

“आई, आता कसं करू? त्याले तं एका मिनिटात समजन.”

“घाबरते कायले? मी दोन वरसं काढली तिथी.”

“तुले तीन शब्द येते.”

“तुले नाटक येते ना?” चंद्रकलाबाई म्हणाल्या आणि झग्याची सुटलेली शिलाई घालू लागल्या.

संध्याकाळी कॉलनीच्या मैदानात माणूस मावेना. पक्कासाहेब उंच, उन्हानं लालबुंद झालेले, गळ्यात शाल आणि हातात नारळ घेऊन बसले होते. नारळ त्यांनी तान्ह्या लेकरासारखा दोन्ही हातांनी धरला होता. शेजारी योगेंद्र. तो चिखल्याचाच, खाणीत ज्युनिअर इंजिनीयर, आणि साहेबांचं मोडकंतोडकं इंग्रजी लोकांना समजावून सांगण्याचं काम त्याच्याकडे होतं. भैय्याजींनी नाव पुकारलं. टीना पांढरा झगा सावरत पुढे आली आणि म्हणाली, “हुवा पायवा.”

साहेब ताडकन उठले. नारळ योगेंद्रच्या मांडीवर ठेवून ते काहीतरी लांबलचक बोलले. टीनानं उसासा टाकला आणि म्हणाली, “नो नीन.”

साहेबांनी तिच्याकडे निरखून पाहिलं. मग सावकाश म्हणाले, “नो नीन.”

“नो नीन?” टीनानं भुवई उंचावून विचारलं.

“नो नीन,” साहेब म्हणाले, आणि त्यांना हसू आलं.

त्यानंतर तो माणूस बोलतच सुटला. दोन महिन्यांत ज्याच्या तोंडून दोन-चार शब्दांपलीकडे काही फुटलं नव्हतं, तो हातवारे करू लागला. टीना ऐकत राहिली. त्याचा आवाज चढला की तिचे डोळे मोठे होत, आवाज खाली आला की तिची मान झुके. एका जागी तो थांबला, हातानं काहीतरी बुडाल्यासारखं केलं, आणि टीनाच्या डोळ्यांतून खरंच पाणी आलं. पुढच्या रांगेतल्या बायांनी पदर डोळ्याला लावले. शेवटी टीना हात जोडून म्हणाली, “कीतोस,” आणि टाळ्यांनी कनाती हलल्या.

मध्यंतरात योगेंद्र पडद्यामागे आला.

“साहेब म्हणते, तुम्हाले फिनलंडची भाषा येत नाही.”

टीनानं पडद्याच्या फटीतून साहेबांकडे पाहिलं. “मंग भऱ्या मैदानात सांगतलं काहून नाही?”

“मी बी हेच इचारलं. म्हणे, इथी आल्यापासून कोनी माह्यं बोलणं पुरं होऊ देलं नाही. वाक्य संपाच्या आधी सारे ओके-ओके म्हणते. हे पोरगी शेवटपर्यंत ऐकत होती.”

“पण सांगत काय होते?”

“त्याईच्या मेव्हण्यानं त्याईची बोट मागून नेली आन तलावात बुडवली. आता थो म्हणते, बोटच खराब होती.”

“आन त्याच्यावर मी रडली?”

“हो. साहेबाले थेच लय आवडलं. घरी बायको बी मेव्हण्याच्याच बाजूनं आहे म्हणे.”

दुसऱ्या दिवशी भैय्याजींच्या डोक्यात नवी योजना तयार होती. जनरेटर सांभाळणारा मोनू उंच होता. त्याला पिवळा विग घालायचा, तोंडाला रंग फासायचा, आणि रोज नाटकाआधी टीनासमोर उभा करायचा.

“नाही जी,” टीना म्हणाली. “मले सासूचं काम द्या.”

“टीना बेटा, सासू? तुझं वय काय, तुझं नाव काय. लोक फिनलंड पाहाले येते.”

“काल लोक रडले थे का फिनलंडवर रडले? मी तीन शब्द बोलली सारे.”

तेवढ्यात राखीताई गुडघ्याला तेल चोळता चोळता म्हणाल्या, “द्या तिले. माहे गुडघे आता सुनेच्या अंगावर धावून जाले तयार नाही. मी आत्याचं काम करतो, बसल्या बसल्या.” मग भैय्याजींचा इलाज चालेना. त्यांनी एवढंच ठरवून घेतलं, की पहिला प्रयोग पडला तर टीना होळीपर्यंत मुकाट्यानं ब्लँकेट घालेल.

तो पहिला प्रयोग नेमका एकोडीच्या मंडईत आला. नाटकाचं नाव ‘सुनेच्या हाती निखारा’. टीना पांढरे केस, बसलेले गाल आणि लुगडं अशा अवतारात आली तेव्हा तिला कोणी ओळखलंच नाही. दुसरा अंक संपत आला तरी झगा दिसेना, तसे मागचे लोक ओरडू लागले, “फिनलंडवाली कुठी आहे?”

टीना त्या वेळी सुनेच्या ताटातली भाकर काढून घेत होती. तिनं सावकाश मान वळवली, डोळे बारीक केले आणि सासूच्याच आवाजात म्हणाली, “गेली आपल्या घरी. इथी मी आहो. आन ओरडून राहिला थो कोनाचा पोट्टा होये? येऊ का खाली?”

ओरडणारे खाली बसले. तिनं भाकर कुत्र्याला टाकली. सून रडू लागली. आणि तेव्हा अंधारातून एक चप्पल आली, टीनाच्या खांद्याला लागून चुलीजवळ पडली. जड चप्पल होती, टायरच्या तळव्याची, ठिणग्यांनी जागोजागी जळलेली. टीनानं ती ओळखली. ती तिच्या बाबांची होती. वीरेंद्रना आपण काय केलं ते चप्पल हातातून सुटल्यावर कळलं. नाटक संपल्यावर ते एका पायानं अनवाणी घरी गेले आणि चंद्रकलाबाईंना म्हणाले, “सुनेची भाकर घेतली तिनं. मले राहवलं नाही.”

टीनानं चप्पल परत दिली नाही. वीरेंद्रना नवा जोड घ्यावा लागला.

पुढे पोस्टरं बदलली. फिनलंड बारीक अक्षरांत गेलं आणि वर आलं: ‘जिच्या नावानं सुना थरथरतात, ती टीना.’ योगेंद्र नाटकं पाहायला येऊ लागला. आधी म्हणायचा, साहेबांचा निरोप सांगायला आलो. साहेब फिनलंडला परत गेल्यावर ते कारण उरलं नाही, तरी तो येतच राहिला. शेवटी तो आईवडिलांना घेऊन एकोडीला मुलगी पाहायला आला. वडील धनीराम खाणीतून निवृत्त झालेले, कमी बोलणारे. आई निर्मलाबाई मात्र भिंतीला पाठ लावून ताठ बसल्या होत्या. त्यांनी ते नाटक तुमसरला पाहिलं होतं.

टीना चहा घेऊन आली. निर्मलाबाईंनी कप घेतला, पण प्यायला नाही.

“पोरगी चांगली आहे,” त्या म्हणाल्या. “पण हिले पाहिलं का अंगावर काटा येते.”

“जी, थे नाटक होये,” चंद्रकलाबाई घाईनं म्हणाल्या.

“थे मलेबी समजते. पण हे टोमणा चुकीचा मारते.”

योगेंद्रनं डोळे मिटून घेतले.

“सासू अशी एकदम भाकर नाही घेत,” निर्मलाबाई पुढे म्हणाल्या. “आधी सुनेची भाजी चाखते. चांगली झाली म्हणते. पुन्हा एकदा वाढ म्हणते. आन खाऊन झाल्यावर इचारते, एवढं तेल तुह्या बापानं पाठवलं होतं का?”

टीना ट्रे तसाच खाली ठेवून त्यांच्यासमोर जमिनीवर बसली. “अजून काय म्हणते?”

“अजून?” निर्मलाबाईंनी एकदा धनीरामांकडे पाहिलं. “माह्या सासूसोबत बावीस वरसं राहिलो मी बाई. थांब, चहा पिऊन सांगतो.”

त्या दुपारी दोघी उठल्याच नाहीत. मुलाला काय आवडतं, मुलीला स्वयंपाक येतो का, हे कोणी विचारलं नाही. शेवटी पुरुषांनीच ओसरीवर बसून लग्नाची गोष्ट पुरी केली. होळीपर्यंत कंपनीच्या तारखा लागलेल्या होत्या, म्हणून लग्न होळीनंतरचं धरलं.

पुढच्या हंगामात कंपनी पुन्हा चिखल्याला आली. आता टीना त्या कॉलनीची सून होती. निर्मलाबाई पहिल्या रांगेत, शेजारणींना घेऊन बसल्या होत्या, धनीराम त्यांच्या बाजूला. टीना स्टेजवर आली, सुनेनं वाढलेली भाजी चाखली, चांगली झाली म्हणाली, पुन्हा वाढायला सांगितली. मग हात धुता धुता, मान तिरकी करून तिनं तेलाचं विचारलं. शब्द तेच, ठेका तोच, मानेचा झोकही तोच.

धनीराम खुर्चीतून उठून उभे राहिले. त्यांनी डोक्यावरची टोपी काढली. “माय,” ते म्हणाले, आणि मागच्या लोकांनी ‘खाली बसा जी’ म्हणेपर्यंत तसेच उभे राहिले. निर्मलाबाईंनी त्यांचा सदरा ओढून त्यांना खाली बसवलं. नाटक संपेपर्यंत त्या तोंडाला पदर लावून हसत होत्या. धनीराम मात्र हसले नाहीत.

सकाळी टीना सासऱ्यांना चहा द्यायला गेली. रात्रीचा प्रकार त्यांना लागला असेल, अशी तिला भीती होती.

“मामाजी, रागावले का?”

धनीरामांनी बशीत चहा ओतला, फुंकर मारली. “नाही बाई. बराबर केलं.” मग म्हणाले, “फक्त एक आहे. माह्या मायले दमा होता. तेलाचं इचाराच्या आधी थे खोकलत होती.”

“किती खोकलत होती?”

धनीरामांनी बशी खाली ठेवली आणि खोकून दाखवलं. आतून निर्मलाबाई म्हणाल्या, “एवढं नाही जी. बारीक. कोरडं.”

पुढच्याच, लाखांदूरच्या प्रयोगापासून टीना आधी खोकते.